कापडी चंद्र

"आता शॉटमध्ये मी विचारेन ना, ते खरंखुरं माझं विचारणं असेल, रुखसार. उत्तरही तुझंच दे."

नायिकेच्या केसांतला गजरा नीट करायच्या मिषाने नायक इंदर कानाशी पुटपुटला आणि खडूच्या खुणेवर जाऊन उभा राहिला.

एरवी बोलायचं कधी? अम्मी रोज सेटवर हजर. मांडीवर पानदान, हातात अडकित्ता. रुखसार नायकाशी दोन शब्द जास्त बोलली की अडकित्ता कडाडायचा. लहानपणी तिने बापाविषयी विचारलं की असाच कडाडायचा. "तुझी अम्मी म्हणजे दाराला लावलेलं कुलूप आहे," इंदर म्हणायचा, आणि रुखसारला ते पटायचं.

"सायलेन्स!" दिग्दर्शक सान्यालबाबू ओरडले. "अम्मीजान, सुपारी बंद! आवाज पिक्चरमध्ये येतो."

अडकित्ता थांबला. दिवे पेटले. कापडी चंद्राखाली, प्लास्टरच्या घाटावर इंदरने तिचा हात धरला.

"माझ्याबरोबर येशील?"

कागदावर 'नाही' लिहिलेलं होतं. ती नाही म्हणते, तो नावेत बसून निघून जातो, प्रेक्षक रडतात.

"येईन," रुखसार म्हणाली. "आत्ता. नेसत्या कपड्यांनिशी."

इंदरने अम्मीकडे पाहिलं. सान्यालबाबूंकडे पाहिलं. मग हात सोडून, मान मागे टाकून तो खदाखदा हसला.

"बाई संवाद विसरल्या, दादा! निघाल्या की माझ्याबरोबर पळून!"

सगळा सेट हसला. सान्यालबाबूंनी कपाळावर हात मारला. "अगं, तू पळालीस तर माझं पिक्चर मध्यंतरातच संपेल! चला, पुन्हा घ्या."

दुसऱ्या वेळी इंदरने तेच विचारलं, त्याच गोड आवाजात. रुखसारने 'नाही' म्हटलं. असं म्हटलं, की इंदर नावेत चढायचं विसरला आणि सान्यालबाबू 'कट' म्हणायचं.

ती अम्मीपाशी येऊन खाली मान घालून उभी राहिली. आता कडाडेल, मग कडाडेल. पण अडकित्ता पानदानातच होता. अम्मीने तिला जवळ ओढलं, ओढणीचं टोक जिभेने ओलं केलं आणि लहानपणी पुसायची तसा तिच्या गालावर ओघळलेला सुरमा पुसला.

"तुझा बापही असाच हसला होता," ती म्हणाली.