मूठभर गहू

रोझेनचा हात सवयीनं गव्हाच्या पिठाच्या डब्यात गेला. कुट्टूचं पीठ, मीठ आणि पाणी कालवून झालं की शेवटी मूठभर गव्हाचं पीठ घालायचं, म्हणजे घावन तव्यावर मोडत नाही. फ्रान्सच्या ब्रिटनी प्रांतातल्या निम्म्या बायकांचा हात असाच जातो.

मिदोरीनं तिचं मनगट धरलं. लग्न होऊन जपानहून या घरात आल्यापासून सासूला अडवायची ही तिची पहिलीच वेळ.

"आई, गहू."

"अगं, हा काय खायचा गहू आहे? हा नुसता धरून ठेवायला."

"मारीवॉन मावशींना कणभरही सोसत नाही."

रोझेनची मूठ डब्यातच सैल झाली. गेल्या वर्षी पितरांच्या स्मरणाच्या याच दिवशी, आईवडिलांच्या थडग्यावर शेवंती ठेवून सगळे घरी आले, तेव्हा तिनं थोरल्या बहिणीला छातीठोकपणे सांगितलं होतं की माझ्या घावनात गहू नसतो. जेवून मारीवॉननं अंथरूण धरलं. तेव्हापासून ती कुणाकडेही स्वतःचा डबा घेऊन जाते; सख्ख्या बहिणीकडे आली तरी डबाच उघडते. रोझेननं तेव्हा सगळा दोष कोंबडीवर ढकलला होता. मूठ तिच्या कधी ध्यानातच आली नव्हती.

"खोटं नव्हते गं बोलले मी," ती म्हणाली.

मग तिनं डबा उचलून अंगणात ठेवला आणि कोपरापर्यंत हात धुतले. आईच्या वेळचा काळाभोर तवाही बाजूला केला, कारण त्यानं आजवर गहूही पुष्कळ खाल्ला होता. मिदोरीच्या लग्नात आलेला कोरा तवा खाली निघाला.

पहिलं घावन फाटलं. पहिलं कुत्र्याचंच असतं, त्याचं काही नाही. दुसरं फाटलं, तिसरंही. गावच्या जत्रेत जिच्या घावनांसाठी रांग लागते, ती बाई उलथनं हातात धरून नुसती बघत राहिली. पण थांबली नाही. पुढचं घावन तिनं तितक्याच निगुतीनं पसरलं. मिदोरीला तिचं फार कौतुक वाटलं, आणि थोडं वाईटही.

मिदोरीनं भाजलेला लाल भोपळा आणि उकडलेले चेस्टनट कुस्करले, त्यात आलं किसलं, तीळ घातले. फाटक्या घावनांत ते सारण भरून गुंडाळ्या केल्या आणि कांद्याच्या उकडलेल्या पातीनं एकेक बांधून टाकली.

"हे खायचं आहे की मलमपट्टी?" रोझेन म्हणाली.

"जेवणाआधी तोंडात टाकायला. फाटकी बाजू खाली करू का? दिसणार नाही."

"नको. दिसू दे."

मारीवॉन आली. अंगातला कोट काढायच्या आधी तिनं आपला डबा टेबलावर ठेवला आणि झाकणाला हात घातला. रोझेननं ताटली पुढं सरकवली.

"ताई, गेल्या वर्षी तुला मीच आजारी पाडलं. आईची ती मूठ. मी तिला गव्हात धरतच नव्हते."

मारीवॉननं झाकण अर्धवट उघडलं. मिदोरीला वाटलं, आता ही डबा उचलून निघून जाते. पण तिनं चष्मा चढवला, ताटली जवळ ओढली आणि एकेक गुंडाळी फिरवून पाहिली. एकीचीही कड धड नव्हती.

"आई असती तर सगळं कुत्र्याला घातलं असतं," ती म्हणाली.

"घातलं असतं."

"तुझं घावन फाटलेलं मी जन्मात पाहिलं नव्हतं, रोझेन."

अर्धवट उघडलेलं डब्याचं झाकण तिनं पुन्हा दाबून बसवलं, आणि ताटलीतली सगळ्यात फाटकी गुंडाळी उचलली.