कळंबची क्लिप

“ही विनिताच आहे!” प्रल्हाद खानविलकरांनी मोबाइल उंचावून सांगितलं आणि सभेतला गलका एकदम थांबला.

खानविलकर एव्हरशाईन सिटीतल्या एका इमारतीचे सेक्रेटरी. आवाज असा, की पार्किंगमध्ये भरलेल्या सभेला माइकची गरज नव्हती. तरी त्यांनी गणपतीतला माइक लावून घेतलाच होता. मोबाइलवर कळंबच्या किनाऱ्याची क्लिप होती. कुणी काढली, देव जाणे. ब्लूटूथवरून ती आठवड्याभरात गच्चीपासून गेटपर्यंत पोचली होती. पडदा काडेपेटीएवढा. सुरूची झाडं म्हणजे हिरवे ठोकळे, समुद्र म्हणजे राखाडी पट्टा, आणि मधोमध एक गुलाबी ठिपका एका पांढऱ्या ठिपक्याच्या तोंडाला तोंड लावून उभा. नाक नाही, डोळे नाहीत. चारित्र्य मात्र सगळ्यांना स्पष्ट दिसत होतं.

खानविलकरांनी ती संडासात, जिन्यात, ऑफिसात, आवाज बंद करून पुन्हा पुन्हा पाहिली होती. चौकशीसाठी. खजिनदार डॉमनिकनेही तशीच पाहिली. असल्या गोष्टी आवाज लावून बघायची कुणाची छाती आहे? बायकांना तर दाखवलीच नव्हती. पण तिसऱ्या मजल्यावरच्या विनिताचा गुलाबी पंजाबी ड्रेस दोरीवर वाळताना खानविलकरांनी स्वतः पाहिला होता. आपल्या बायकोला, वसुंधराबाईंना, त्यांनी इमारतीत साडीखेरीज काही घालू दिलं नव्हतं. फारच हौस असेल तर बाहेर कुठे गेल्यावर घालावं.

“रविवारी हिचा साखरपुडा,” ते म्हणाले. “त्याआधी मुलाकडच्यांना मी ही क्लिप दाखवणार. कुणाची फसवणूक नको.”

विनिताचे वडील खुर्चीतून अर्धे उठले आणि तसेच खाली बसले. विनिता मात्र मान खाली घालायला तयार नव्हती.

“काका, मी कळंबला गेलेच नाहीये. चेहरा तरी दिसतोय का कुणाचा?”

“चेहरा कशाला हवा? लाज सोडलेली माणसं मी लांबून ओळखतो!”

टाळ्या पडल्या. खानविलकरांना स्वतःचं फार कौतुक वाटलं.

मागच्या रांगेतून वसुंधराबाई उठून पुढे आल्या. “बघू.”

“तू बस. बायकांनी असलं बघायचं नसतं.”

“मुलीची अब्रू आमच्यादेखत काढता, मग क्लिप बघायला काय झालं?”

आता सगळ्यांसमोर नाही कसं म्हणणार? त्यांनी मोबाइल दिला. बाईंनी क्लिप पाहिली. परत लावून पाहिली. मग विनिताकडे पाहिलं आणि शेवटी नवऱ्याकडे. बाईंचे कान लाल झाले होते. लाजेने की रागाने, ते खानविलकरांना कळेना.

“आवाज का बंद ठेवलाय?”

“आवाजात काय बघायचंय?” खानविलकर खेकसले.

बाईंनी बाजूचं बटण दाबून आवाज पुरता वाढवला आणि मोबाइल माइकसमोर धरला. आधी नुसता वारा घोंगावला. मग साऱ्या पार्किंगला पाठ असलेला तो आवाज गरजला:

“अगं वसू, वाळू गेली डोळ्यात, फुंकर मार! अशी जवळ ये की. इथे आपल्याला कोण ओळखतंय?”