तेजूची नखं

"आधी तू जेवून घे, वहिनी. नखांचं नंतर," तेजश्रीने चपला काढता काढताच सांगितलं.

सुनयनाला हसू आलं. नणंद नावड्याहून रिक्षा करून तडक सीवूड्सला आली होती, चेहरा घामाने डबडबलेला, आणि काळजी कसली तर वहिनीच्या जेवणाची. फोनवर म्हणाली होती, पित्ताशयाच्या खड्यांचं ऑपरेशन उद्याच ठरलंय, बोटाला मशीनचा चिमटा लावतात म्हणून हॉस्पिटलवाल्यांनी खोटी नखं काढून यायला सांगितलंय, पार्लर आज बंद आहे, तूच काढून दे.

"तू पण बस ना दोन घास."

"मला नाही जाणार."

सुनयना जेवत होती तेवढा वेळ तेजश्री ओट्याला टेकून उभी राहिली. न विचारता तिने ताटात आणखी एक पोळी वाढली. वर भातही घे म्हणाली.

"अगं, ऑपरेशन तुझं आहे की माझं?"

तेजश्रीने भाताचं भांडं पुढे सरकवलं.

हॉलच्या खिडकीपाशी सुनयनाने टॉवेल अंथरला. गॅसचं बटण बंद केलं, खिडकी सताड उघडली. ॲसिटोन लगेच पेट घेतं. मामेबहिणीच्या लग्नानंतर तिने स्वतःची खोटी नखं दाताने ओढून काढली होती. खालची खरी नखं पापुद्र्यासारखी सोलून निघाली, आणि पुढे कितीतरी दिवस कणीक मळताना मीठ झोंबायचं. आज ती घाई करणार नव्हती.

"तुझा फोन इथे नको," तेजश्री म्हणाली. "ॲसिटोन उडालं तर स्क्रीन जाईल." आणि तिने स्वतःच तो आत बेडरूममध्ये नेऊन ठेवला.

सुनयनाने नखांची वरची चकाकी कानशीने घासून काढली. शनिवारीच मैत्रिणीच्या हळदीसाठी केलेली, फिकट गुलाबी.

"जीव जातो गं काढताना. केवढी सुंदर झालीत."

"जाऊ दे."

बोटांभोवतीच्या कातडीला व्हॅसलिन, नखावर ॲसिटोनमध्ये भिजवलेला कापूस, त्यावर फॉइलची गुंडाळी. फॉइल नवऱ्याच्या, शिवतेजच्या डब्याच्या पोळ्यांसाठी आणलेलं. दहाही बोटं चंदेरी झाली. ती गार पडली होती, आणि तेजश्रीचा पाय सारखा हलत होता. नजर दाराकडे जायची, परत यायची.

"एवढं टेन्शन नको घेऊस. दुर्बिणीतून करतात हल्ली. तुझ्या दादाला सांगितलंस?"

"नाही."

"कमाल आहे तुझी! थांब, त्याला फोन लावते. उद्याची रजा तरी टाकेल."

"नको!" ती केवढ्याने ओरडली. मग आवाज खाली आणून म्हणाली, "उरणला यार्डात कामावर असेल ना. आत फोन न्यायला परवानगी नाही."

"बरं, संध्याकाळी बोल. आधी ओरडेल तुझ्यावर, पण उद्या सगळ्यात आधी हॉस्पिटलच्या दारात तोच उभा असेल बघ."

तेजश्रीने तोंड खिडकीकडे फिरवलं. डोळे भरून आले होते.

"वास झोंबतोय," ती म्हणाली.

बेल वाजली. सुनयना उठायच्या आत तेजश्री धावली. कोपराने कडी ढकलून तिने दार जेमतेम उघडलं, हळू आवाजात काहीतरी बोलली आणि लगेच लावून घेतलं.

"कोण होतं?"

"शेजारच्या मैत्रीताई. पाण्याच्या टँकरचं विचारत होत्या."

"आत बोलवायचं ना."

"नंतर येतील."

एवढ्यात तेजश्रीचा फोन वाजला. आप्पांचा होता. तिच्या गुंडाळलेल्या बोटांनी तो उचलता येईना, म्हणून सुनयनानेच उचलून तिच्या कानाला लावला.

"हो," तेजश्री म्हणाली. "हो, जेवलीये... घरीच... या तुम्ही."

सुनयनाने फोन खाली ठेवला. "जेवलीयेस कुठे? सासऱ्यांशी माझ्या खोटं बोलतेस?"

"त्यांना काळजी लागून राहते."

"येतायत का ते?"

"हो. आई पण. जवळच पोचलेत."

"साताऱ्याहून एवढ्या लांब! बरं झालं पण. तुला धीर येईल."

सुनयनाने एक एक फॉइल उलगडलं. नखं फुगून मऊ पडली होती. लाकडी काडीने हलकेच लोटलं की सालीसारखी सुटत होती. डावा हात मोकळा झाला, तिने त्यावर खोबरेल चोळलं. उजव्या हाताची मात्र घट्टच होती. तेजश्रीने अंगठ्याचं नख चिमटीत धरून खेचायला घेतलं. सुनयनाने तिच्या हातावर चापट मारली.

"ओढायचं नाही! पुन्हा भिजवू."

"भिजव," तेजश्री पुटपुटली. "लागू दे वेळ. कितीही लागू दे."

पुन्हा कापूस, पुन्हा फॉइल. तेवढ्यात बेल वाजली. या वेळी तेजश्री जागची हलली नाही. सुनयनानेच दार उघडलं.

बाहेर सासू-सासरे, राहीबाई आणि आप्पा, उभे होते. राहीबाईंनी पदर तोंडात धरला होता. सुनयना पाया पडायला वाकली. आप्पांनी लेकीकडे पाहिलंसुद्धा नाही. त्यांनी सुनेच्या डोक्यावर हात ठेवला आणि तो उचललाच नाही.

"आप्पा, असं काय करता? तेजूचं ऑपरेशन लहानसं आहे. परवा घरी येईल ती."

आप्पांनी गोंधळून विचारलं, "कसलं ऑपरेशन?"

सुनयना मागे वळली. तेजश्री उठून आली आणि फॉइल गुंडाळलेल्या बोटांनीच तिने वहिनीला घट्ट धरलं.

"वहिनी, दादा सकाळीच गेला गं."