मुलीचं काम

शेवटचा शॉट झाला. दिग्दर्शकाने कॅमेरा पिशवीत घातला, तरी ती म्हाताऱ्याच्या शेजारून उठेना.

"चल, संपलं आपलं," जिन्यात आल्यावर तो म्हणाला.

"आणि पुढच्या रविवारी ते माझी वाट बघत बसले तर?"

"त्यांच्या लक्षात काही राहत नाही गं. मुलगी वारली, हेसुद्धा नाही. म्हणून तर तुला घेतलं."

आयुष्यभर तिने असल्याच प्रायोगिक फिल्म केल्या होत्या. एकीत ती तासभर भिंतीकडे तोंड करून बसली होती. आई ती बघून म्हणाली होती, "पाठ मात्र छान आलीय हो तुझी." आई गेली आणि तेवढं म्हणणारंही कोणी उरलं नाही. वडील तर ती शाळेत असतानाच गेलेले.

या फिल्ममध्ये तिला कोणीतरी 'बाळ' म्हणत होतं.

ती रविवारी परत गेली. मग दर रविवारी जात राहिली. म्हातारे दार उघडायचे, तिची छत्री झटकून कोपऱ्यात ठेवायचे.

"आलीस बाळ? रस्ता सापडला ना नीट?"

"सापडला, बाबा."

निघताना ते तिच्या स्वेटरची बटणं लावून द्यायचे. त्यांचं मन मोडू नये म्हणून ती लावू द्यायची. खाली उतरताना तिला रडू यायचं. आपण खोटं बोलतोय हे सलायचं, आणि सोडवतही नव्हतं.

मध्यंतरी दुसऱ्या शहरात मोठी भूमिका चालून आली. वर्षभराचं काम. तिने नकार कळवला.

"वेड लागलंय तुला," दिग्दर्शक म्हणाला.

हिवाळ्यात एका रविवारी दार कुणा अनोळखी बाईने उघडलं. आत आवराआवर चालली होती.

"बाबा गुरुवारी गेले," बाई म्हणाली.

"तुम्ही?"

"मी त्यांची मुलगी."

"पण मुलगी तर..."

बाईने तिला हाताला धरून खुर्चीत बसवलं. "बाबा माझ्याकडेच राहायचे. ही खोली फिल्मसाठी घेतलेली. शूटिंग संपलं तरी त्यांनी ती सोडू दिली नाही. अंगात ताप असला तरी रविवारी इथे यायचे. दिग्दर्शकाने सांगितलं होतं ना त्यांना... म्हणायचे, त्या पोरीला आपले वडील गेल्याचं आठवत नाही, दार बंद दिसलं तर काय होईल तिचं?"

मग बाईने आवाज आणखी मऊ केला.

"तुमच्याबरोबर कोणी आलंय का?"