ड्रोन नको

"ड्रोन नको," मुलगी म्हणाली. "वरून आमची टाळकी बघून कुणाला काय मिळणार आहे?"

फोटोग्राफर हसला. आईला मात्र ते पटलं नाही. तिने खुर्ची पुढे ओढली आणि ड्रोन म्हणजे नेमकं काय ते आधी नीट सांगा, मग नको म्हणू, असं त्याला बजावलं.

स्टुडिओ लहानसा होता. मागच्या भिंतीला पांढऱ्या कागदाची गुंडाळी टांगलेली, कोपऱ्यात दिव्यांच्या छत्र्या, टेबलावर नमुन्याचे अल्बम. लग्नाच्या फोटोंवर किती खर्च करायचा, यावरून दोघींचं काही केल्या जमत नव्हतं. घरी शिवणकाम करून आईने या फोटोंसाठी म्हणून वेगळे पैसे साठवले होते, आणि ते सगळेच्या सगळे इथे घालायचे, असा तिचा हट्ट होता. मुलीचं म्हणणं, एक माणूस, एक कॅमेरा, अर्धा दिवस, बस्स. उरलेल्या पैशांत आईचा मोतीबिंदू काढायचा. डॉक्टर कधीचे मागे लागले होते आणि आई दर वेळी कपड्यांच्या ऑर्डरीचं निमित्त पुढे करत होती. आता सुईत दोरासुद्धा मुलगीच ओवून ठेवायची.

"फोटो शेवटी कपाटातच पडतात, आई," मुलगी म्हणाली. "तुला वेगळं काय सांगायचं."

आई म्हणाली, "म्हणूनच नवे हवेत."

फोटोग्राफरने अशी भांडणं पुष्कळ पाहिली होती. पण एरवी माणसं आपला हट्ट पुरवून घ्यायला भांडायची. इथे दोघी एकमेकींसाठी हटून बसल्या होत्या. वातावरण सैल करावं म्हणून त्याने सांगितलं की चेहरे बघून नाती ओळखण्यात आपला हात कुणी धरणार नाही, आणि मुलीची हनुवटी तर थेट आईवर गेली आहे. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं आणि खळखळून हसल्या.

"एकुलती एक का?" त्याने विचारलं.

"मला हीच," आई म्हणाली.

नवरा मुलगा कोण, हेही मग आईनेच सांगितलं. तो बस डेपोत मेकॅनिक होता. एकदा जॅकेटची चेन बदलायला तिच्याकडे आला. पुढच्या आठवड्यात दुसरं जॅकेट घेऊन आला, मग पिशवी. पिशवीची चेन पाहूनच आईच्या लक्षात आलं की ही आपोआप तुटलेली नाही, पक्कड लावून तोडलेली आहे. तिने त्याला समोर बसवलं आणि शिलाईसाठी येतोस की आणखी कशासाठी, असं सरळ विचारलं. तो कानापर्यंत लाल झाला. मुलगी पुढे वर्षभर नाहीच म्हणत राहिली. आईने तिचा पिच्छा सोडला नाही.

"ही दातांच्या लॅबमध्ये काम करते," आईने फोटोग्राफरला सांगितलं. "दिवसभर लोकांच्या कवळ्या घडवते. स्वतःचे दात दाखवायला मात्र विसरली होती. आता कुठे हसायला लागलीय."

एवढ्यात मुलीचा फोन वाजला आणि ती बाहेर पायरीवर गेली. आईने काचेतून तिच्याकडे पाहिलं. तिला ती धूसरच दिसत असणार. मग तिने आवाज खाली आणून सांगितलं की मध्यंतरी आपण पडलो, मांडीचं हाड मोडलं, किती तरी दिवस अंथरुणाला खिळून होतो. नेमकी त्याच वेळी मुलीला दुसऱ्या शहरात चांगली नोकरी चालून आली. जा म्हणून सगळ्यांनी सांगितलं. आईनेही सांगितलं. ती गेली नाही. अंघोळीपासून औषधापर्यंत सगळं तिने एकटीने केलं, आणि कपाळाला कधी आठी पडू दिली नाही.

"लेकी करतातच," फोटोग्राफर म्हणाला.

"करतात. पण हिच्यावर कसली सक्ती नव्हती." आईने पर्सचा बंद बोटाभोवती गुंडाळला. "तिचे उपकार फेडायचे म्हटलं तर मला जमायचं नाही. एक दिवस तिला नुसतं बसलेलं बघायचंय. सजलेली, कुणासाठी धावपळ न करता. आणि ते मला पुन्हा पुन्हा बघता यायला हवं."

फोटोग्राफर थोडा वेळ अल्बमची पानं चाळत राहिला. मुलगी आत आल्यावर त्याने आपला विचार मांडला. ड्रोन नको, लग्नाआधी बाहेर फिरून काढायचे फोटोही नकोत. लग्नाला पूर्ण दिवस तो स्वतः येईल, पण अल्बमची घाई करायची नाही. आधी डोळ्याचं ऑपरेशन होऊ दे. मग आईने इथे येऊन, नीट दिसतंय याची खात्री करून, एकेक फोटो स्वतः निवडायचा. अल्बमचे पैसे तेव्हा.

मुलीने आईकडे पाहिलं. आईने, हा माणूस तुझ्याच बाजूचा निघाला, अशी कुरकुर केली, पण मान हलवली. मुलीने त्याचे आभार मानले.

"आता मोठ्या फोटोचं बघू," तो म्हणाला. "मधे तुम्ही दोघं. डावीकडे नवऱ्या मुलाचे आईवडील. उजवीकडे या तुमच्या आई, आणि तुमचे वडील."

"उजवीकडे तीन खुर्च्या लागतील," मुलगी म्हणाली. "माझे आईबाबा परगावाहून येणार आहेत."

फोटोग्राफर गोंधळला. "मग या कोण?"

मुलीने शेजारचा सुरकुतलेला हात हातात घेतला. "ही माझी सासू."

"म्हणजे मुलाची आई. मग यांना डावीकडे..."

"नाही," मुलगी म्हणाली. "तिचा मुलगा जाऊन चार वर्षं झाली. ती माझ्या बाजूला बसेल."