फोनवरची तानाका-सान

"गाइकोकुजिन आहेत, चालतील का?" एवढं विचारून वीणा ऐकत राहायची आणि शेवटी फोनलाच वाकून नमस्कार करून तो ठेवायची. घरं भाड्याने मिळवून देणाऱ्या तिच्या ऑफिसात सकाळपासून हेच चाललं होतं. समोर बसलेल्या कादंबरीला जपानी येत नव्हतं, पण परदेशी माणसाला म्हणतात तो शब्द एव्हाना तिला पाठ झाला होता.

कादंबरीला सातवा महिना. नवऱ्याच्या कंपनीचं गेस्ट हाऊस रविवारी सोडायचं होतं. शेजारी बसलेल्या नवऱ्याची, नचिकेतची नोकरी पक्की, कागदपत्रं चोख, तरी टोकियोतल्या हिगाशी-कसाईत त्यांना कुणी घर द्यायला तयार नव्हतं.

"ताई, आम्ही फोडणीसुद्धा देणार नाही म्हणावं," कादंबरी म्हणाली.

 पूर्वी घर शोधत फिरताना वीणानेही एका एजंटाला अगदी हेच सांगितलं होतं. आता घर स्वतःचं झालं, तरी ती खिडक्या लावूनच फोडणी देते.

तिने पुढचा नंबर लावला. ऑफिसच्या फोनवर ती तानाका होती. हे जपानी आडनाव तिच्या साहेबांनीच दिलेलं, कारण खरं नाव ऐकलं की घरमालक बोलणंच आवरतं घ्यायचे. समोरच्या दोघांना ते वीणाच्या कंपनीचं नाव वाटत होतं.

या वेळी म्हाताऱ्या घरमालकाने लगेच नाही म्हटलं नाही.

"कचरा नीट वेगळा करतील?"

"करतील. मी समजावून सांगेन."

"तानाका-सान, ही माणसं आपल्यासारखी नसतात हो. पण आपल्यातलं कुणी मध्ये असेल, तर विचार करू. तुम्ही आहात ना?"

कादंबरी डोळ्यांत प्राण आणून वीणाकडे बघत होती. 

"हो," ती जपानीत म्हणाली. "मी आहे."

"मग उद्या तुम्हीच घेऊन या त्यांना. तुम्हाला भेटलो की सही करतो."

तिने फोन ठेवला.

"मिळालं?" नचिकेत उठून उभाच राहिला.

"उद्या बोलावलंय. मलाही यायला सांगितलंय."

कादंबरीने तिचा हात घट्ट धरला. तिला रडू आवरत नव्हतं.

"बरं झालं, ताई. दारात तुम्हीच पुढे व्हा हं. आम्हाला बघून लोक बिचकतात. तुम्ही दिसलात की त्यांना जरा धीर येईल."