शेवटचा कोंडू

"शेवटचं वाक्य तू वाच." सासऱ्यांनी नवंकोरं पुस्तक मृणालीपुढे धरलं. "प्रुफं तूच तपासलीस. मान तुझाच."

बारशाला जमलेल्या बायका सरसावून बसल्या. मृणालीने मांडीवरचं बाळ नणंदेकडे, दिपालीकडे दिलं आणि वाचलं : "आमच्या कोन गावात कोंडू नावाचा शेवटचा माणूस म्हणजे प्रस्तुत लेखक. यापुढे हे नाव ठेवायची पाळी कुणावर येऊ नये."

टाळ्या पडल्या. सासरे, डॉ. कोंडू तरे, चष्मा पुसत राहिले.

आयुष्यभर त्यांनी हिवतापावर संशोधन केलं. त्यांचे निबंध परदेशात छापून आले. गावाने त्यातला फक्त फोटो पाहिला. निवृत्तीनंतर त्यांनी खाडीकाठच्या गावांचा इतिहास लिहिला. तो मात्र गावाने वाचला, आणि कुणाचं घराणं आधी आलं यावरून भांडणंही केली. या नव्या पुस्तकात ताप आणि इतिहास एकत्र आले होते.

पूर्वी ज्या घरात मुलं जगत नसत, तिथे पुढचं मूल शेजारणीला देऊन टाकत. मग मूठभर कोंडा देऊन तिच्याकडून परत घेत आणि नाव ठेवत कोंडू. मरणाला वाटावं, एवढं स्वस्त पोर कशाला न्या. नाहीतर मग धोंडू, दगडधोंड्यातला. डॉक्टरांनी वळ गावापासून कशेळीपर्यंत म्हाताऱ्यांना विचारून ही नावं गोळा केली आणि नकाशावर ठिपके मांडले. आज जिथे गोदामं आहेत, त्या जुन्या खाजणांच्या, खाऱ्या दलदलीच्या, कडेकडेने ठिपके दाटले. जिथे कोंडू, तिथे हिवताप.

"म्हंजे माजा पन ठिपका हाय?" शेजारच्या धोंडूबाईंनी विचारलं.

"आहे ना. चांगला ठसठशीत."

"मंग बरा. लगीन झाला तवापासून नावावरून हसतान. आता सांगीन, मी पुस्तकान हाय!"

सगळ्या हसल्या. मृणालीही हसली, पण नजर बाळाच्या छातीवर होती. छाती वरखाली होतेय ना, एवढंच ती बघत होती. तिचं पहिलं बाळ दुसऱ्या महिन्यात गेलं होतं. तापाने नाही. कशाने, ते ठाण्याच्या डॉक्टरांनाही नीट सांगता आलं नव्हतं.

तेव्हापासून ती साध्या शिंकेलाही दचकायची. सासरे समजूत काढायचे. याही बाळाच्या टाचेतून त्यांनी स्वतः रक्ताचा थेंब घेऊन तपासला होता, अंगात ताप नसताना. "हाताला सवय लागलीय," म्हणाले होते.

घुगऱ्यांचं पातेलं उचलायला ती आत गेली, तर सासूबाईंनी, आक्कांनी, दार लोटून घेतलं.

"गो मृणाली, ऐक. चारचौघांत सार्थकच सांग. पन आधी दिपालीला कानान कोंडू म्हनू दे. कुनाला कलनार न्हाय."

"आज, आक्का? बाहेर आत्ता काय वाचलं मी?"

"पुस्तक लोकांचा हाय. बाल आपला हाय."

मृणाली पातेल्याची कड धरून उभी राहिली. रात्ररात्र जागताना हा विचार तिच्याही मनात येऊन गेला होता. तिने तो कुणालला, नवऱ्यालाही, सांगितला नव्हता.

"नाही," ती म्हणाली. "बाबांनी त्या एका वाक्यासाठी जन्म वेचला. ते त्यांच्याच घरात मी खोटं पाडू?"

"हुशार हायेत तुजे सासरे. उगाच न्हाय तुज्याकडून वाचून घेतला."

"घेतलं तर घेतलं. मला अभिमान आहे त्याचा."

तिने पातेलं उचललं आणि ताठ मानेने बाहेर आली.

पाळण्याला झेंडूच्या माळा बांधल्या होत्या. गल्लीपलीकडून यंत्रमागांची खडखड येत होती, त्यात बायकांचं गाणं मिसळलं. मृणालीने दिपालीच्या कानाशी लागून सांगितलं, "सार्थक." दिपालीने मान हलवली.

रीतीप्रमाणे बाळ पाळण्याखालून पलीकडे द्यायचं होतं. पलीकडे धोंडूबाई पदर सावरून बसल्या होत्या. मृणालीने बाळ पुढे केलं. त्यांनी ते अलगद घेतलं, मुका घेतला आणि पाळण्यावरून परत द्यायला हात उचलले.

"थांबा, धोंडूबाई."

गाणं तुटलं. बायकांतून वाट काढत डॉक्टर पुढे आले. मृणालीकडे त्यांनी पाहिलंच नाही. पाळण्यापाशी ते गुडघ्यांवर बसले आणि धोंडूबाईंच्या पदरात त्यांनी उजवी मूठ मोकळी केली.

"हा कोंडा घ्या," ते म्हणाले, "आणि आमचं पोर आम्हाला परत द्या."